आंबागडचा किल्ला आणि जिल्ह्याचा इतिहास : एक चिकित्सा

भंडारा जिल्ह्याच्या स्थानिक इतिहासावर जे लेखन झाले आहे, त्यात तुमसर तालुक्यातील आंबागडाचा उल्लेख सहसा चुकत नाही. मात्र तो बहुधा तीन विधानांपुढे जात नाही. देवगडच्या बख्त बुलंद राजाचा सुभेदार राजाखान पठाण याने इ. स. १७०० च्या सुमारास किल्ला बांधला. पुढे तो नागपूरकर भोसल्यांकडे जाऊन तेथे तुरुंग झाला. आणि कैद्यांना आतील विहिरीचे साचलेले विषारी पाणी पाजले जाई, त्यात ते मरत. इंग्रजी अमलातील गॅझेटियरांतून निघालेली ही विधाने पर्यटन-पुस्तिकांत व गौरवग्रंथांत जवळजवळ त्याच क्रमाने उतरत आली आहेत. ती खोटीच आहेत, असे प्रस्तुत लेखकाचे म्हणणे नाही. ती तपासण्याची निकड फारशी कोणास वाटलेली दिसत नाही, हा आक्षेप आहे.

विहिरीची कथाच पाहू. १८५४ मध्ये नागपूरचे राज्य खालसा करणाऱ्या सत्तेला आधीच्या राजवटीचे क्रौर्य नोंदविणे सोयीचे होते, हे उघड आहे. म्हणून ती कथा बनावट ठरवावी काय? तसेही म्हणता येत नाही. अधिकाऱ्याने ती कोणाकडून तरी ऐकली असणार, आणि राजाच्या तुरुंगाविषयी प्रजेच्या मनातील भय त्यात साठलेले असू शकते. भोसल्यांच्या अभिमानाने कथा झटकून टाकणे आणि गॅझेटियरवरील भक्तीने ती जशीच्या तशी उतरविणे, दोन्हींत कैदी कोण होते हा प्रश्न मागेच राहतो. त्याचे उत्तर मिळालेच तर मोडी कागदांत मिळेल; आणि मोडी वाचणारे आमच्या महाविद्यालयांत किती उरले आहेत, हे वाचकांस सांगणे नको.

राजाखानाचीही तीच गत. गोंड वंशातील, औरंगजेबाच्या दरबारी इस्लाम स्वीकारलेला राजा, त्याचा पठाण सुभेदार आणि अवतीभवती गोंडांची वस्ती, एवढी गुंतागुंत एका वाक्यात दबून जाते. वाचणाऱ्याच्या हाती केवळ एक नाव लागते.

या ठिकाणी अमेरिकेचे उदाहरण उद्बोधक वाटते. १८७६ मध्ये स्वातंत्र्याच्या शताब्दीनिमित्त तेथील काँग्रेसने काउंट्यांनी व गावांनी आपापला इतिहास लिहवून जतन करावा, असा ठराव केला. त्या काळात ग्रामीण काउंट्यांचे जाडजूड इतिहासग्रंथ निघाले. ते पुष्कळदा वर्गणीवर छापले जात आणि वर्गणीदारांची चरित्रे त्यांत मानाने झळकत. शेतमजूर किंवा हुसकावून लावलेला मूळ रहिवासी त्यांत क्वचितच भेटतो. तथापि मजकूर गावाने पुरविलेला असे. आमचे गॅझेटियर बाहेरून आलेल्या अधिकाऱ्याने कारभाराच्या सोयीसाठी रचले. तेथे वर्गणी भरणारा दिसतो, येथे सारा भरणारा मालगुजार. शिवाय काउंटी बहुधा जागच्या जागी राहिली, तर भंडारा जिल्हा मध्य प्रांतातून मध्य प्रदेशात, १९५६ मध्ये द्विभाषिक मुंबई राज्यात आणि १९६० मध्ये महाराष्ट्रात आला. १९९९ मध्ये गोंदिया वेगळा झाला. १९७९ चे गॅझेटियर ज्या जिल्ह्याचे आहे, तो जिल्हा आज त्या आकारात नाही.

किल्ल्यावर इतकी शाई खर्च होत असताना तलावांविषयीचे मौन अधिक खटकते. कोहळ्यांनी बांधलेले तलाव हे या धानाच्या मुलखाचे खरे वैभव. १९५० च्या कायद्याने मालगुजारी गेली आणि ते 'मामा तलाव', म्हणजे माजी मालगुजारी तलाव, ठरले. पाणी, मासे, गाळपेर यांवर कोणाचा हक्क होता, हे शोधण्यास वाजिब-उल-अर्ज व निस्तारपत्रक ही महसुली साधने आहेत. त्यांची भाषा रूक्ष असली तरी गावाची जी रीत त्यांत सापडते, ती कोणत्याही गौरवग्रंथात नाही.

याच तालुक्यातील चिखला व डोंगरी बुजुर्ग येथील मँगनीजच्या खाणींचाही विचार असाच राहून गेला आहे. विसाव्या शतकाच्या आरंभापासून या भागातील मँगनीज परदेशी जाऊ लागले. तुमसर रोडहून तिरोडीपर्यंत लोहमार्ग गेला. त्या खनिजाचे टनांतील आकडे अहवालांत मिळतात. खोदणारी पहिली पिढी कोणत्या गावांतून आली, शेती सोडून आली की शेती नव्हतीच म्हणून आली, हे मात्र त्या अहवालांतून कळत नाही. त्यांची नातवंडे आज वृद्ध झाली आहेत.