वादळानंतर हाती उरणारे पान

अद्भुतिकेतील कल्पित देशांवर जी वादळे येतात, त्यांचे एक कार्य ठरलेले असते. वाऱ्यापलीकडे गेलेला प्रवासी परततो तेव्हा त्याच्या हिशेबी घटका गेलेली असते आणि घरी मात्र पिढ्या सरलेल्या असतात. किंवा नेमके याच्या उलट घडते. वादळ हे येथे दोन काळांमधील उंबरठा होय. अशा कथेचे मोल ठरविताना वादळ किती चमत्कारिक आहे यापेक्षा ते ओसरल्यावर माणसाच्या हाती काय उरते, हे पाहणे अधिक उचित ठरते.

भारतीय परंपरेला हा उंबरठा नवा नाही. कन्या रेवतीसाठी वर विचारण्यास ब्रह्मलोकी गेलेला ककुद्मी राजा तेथे क्षणभर थांबतो. तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटतात, अशी कथा भागवतात आहे. येथे काळाचा केवळ हिशेब बदलतो. राजाचे दुःख कथेला फारसे जाणवत नाही. विष्णूसाठी पाणी आणायला गेलेल्या नारदाची लोककथा त्याहून खोल जाते. नारद तहानलेल्या देवाला विसरून संसारात रमतो, वर्षे जातात आणि एका रात्री महापुरात बायकामुले त्याच्या हातून एकेक करून सुटतात. काठावर फेकल्या गेलेल्या नारदाला देव विचारतो, पाणी कोठे आहे? देवाच्या लेखी अर्धी घटका गेलेली असते. पूर मायेचा असला तरी रडणे खरे असते, आणि या कथेचे सामर्थ्य त्या रडण्यात आहे.

आधुनिक मराठी कथेत हा वारसा दोन वाटांनी आला. जी. ए. कुलकर्णी यांच्या ‘रमलखुणा’ (१९७५) या संग्रहातील ‘प्रवासी’ आणि ‘इस्किलार’ या दीर्घकथा कोणत्याही नकाशात न सापडणाऱ्या प्रदेशांत घडतात; तेथे काळ नियतीच्या स्वाधीन असतो. दुसरी वाट जयंत नारळीकर यांची. १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत टोपणनावाने पाठविलेल्या ‘कृष्णविवर’ या कथेला पहिले पारितोषिक मिळाले, आणि काळाची गती बदलण्याचे काम देवाकडून गुरुत्वाकर्षणाकडे आले.

या वाटेवरील सर्वांत विचारप्रवर्तक कथा म्हणजे ‘गंगाधरपंतांचे पानिपत’. मालमोटारीच्या धडकेचे निमित्त होऊन इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत अशा मुंबईत पोहोचतात, जेथे १७६१ च्या पानिपतावर मराठे जिंकलेले आहेत. आपल्या इतिहासात विश्वासरावांना लागलेली गोळी त्या जगात कानाजवळून निघून गेलेली असते. पंत परततात ते खिशात बखरीचे एक फाटके पान घेऊन. ककुद्मीला जो पुरावा लागत नाही, नारदाला जो मिळत नाही, तो येथे कागदाच्या रूपाने उरतो. अद्भुताला दस्तऐवजाची शिस्त लावणे हे नारळीकरांचे खरे योगदान होय.

मात्र याच ठिकाणी कथेची मर्यादाही दिसते. एका गोळीवर सारा भर दिल्याने त्या गोळीपूर्वीचे महिने नजरेआड होतात. १७६० च्या पावसाळ्यात दुथडी वाहणारी यमुना दोन्ही सैन्यांच्या मध्ये होती. मराठ्यांनी ऑक्टोबरमध्ये कुंजपुरा घेतला आणि त्याच महिन्याच्या अखेरीस अब्दाली बागपताजवळ नदी उतरून आला. दक्षिणेची वाट तुटली, रसद आटली, आणि १४ जानेवारी १७६१ रोजी लढाईस उभे राहिलेले सैन्य उपाशी होते. सैन्यासोबत बायकामुले आणि यात्रेकरूही होते. काळाला वळण देणारे खरे वादळ शोधायचे तर ते या नदीच्या पाण्यात आहे. विश्वास पाटील यांच्या ‘पानिपत’ (१९८८) या कादंबरीत इतिहास बदलत नाही, पण ती उपासमार वाचकाला सोसावी लागते. एका कृतीत पान हाती उरते, दुसरीत रडणे. दोन्ही एकत्र आणणारी मराठी अद्भुतिका ही एक मोठी अपेक्षा आहे.

अशा कथेला भूमी हवी असेल तर ती पानिपताच्या उत्तरेस आहे. चंदीगडचे सेक्टर १७ हे एका फाळणीचे आणि एका अपघाताचे अपत्य होय. १९४७ मध्ये लाहोर पाकिस्तानात गेले नसते तर पूर्व पंजाबला नवी राजधानी लागलीच नसती. १९५० मध्ये वास्तुकार मॅथ्यू नोविकी विमान अपघातात मरण पावला नसता, तर १९५१ मध्ये ल कॉर्ब्युझिए येथे येण्याचा प्रसंगही बहुधा आला नसता. पायी फिरण्यासाठी मोकळा ठेवलेला तो चौक आणि भोवतीच्या काँक्रीटच्या सारख्या उंचीच्या इमारती पाहताना हे शहर कोऱ्या कागदावर उतरले, असे वाटते. वास्तविक या नगरासाठी अनेक गावे उठविली गेली. उन्हाळ्यात उत्तरेची धुळीची आँधी त्या चौकावर येते तेव्हा क्षणभर इमारती दिसेनाशा होतात. जे झाले आणि जे होऊ शकले असते, यांतील अंतर किती थोडे आहे हे सांगायला कल्पकाला एवढा क्षण पुरेसा आहे.

पण तो क्षण सरल्यावर कथेला उत्तर द्यावे लागते. काळ बदलला तर कोणाचे लाहोरचे घर वाचते आणि कोणते गाव पुन्हा उभे राहते? ज्या अद्भुतिकेत हा प्रश्न नाही, तिच्यातील वादळ कितीही घोंघावले तरी वाऱ्यापलीकडे जात नाही. नारदाच्या कथेने तो प्रश्न फार पूर्वी विचारला. नारळीकरांनी त्याला पुराव्याची जोड दिली. पुढच्या कथाकाराला या दोघांचेही देणे फेडायचे आहे.