आर्चबिशप उशर : कालगणना आणि पाठचिकित्सा

एखाद्या पंडिताची कीर्ती त्याच्या सर्वांत दुबळ्या सिद्धान्ताच्या आधारे टिकून राहावी, हा विद्वत्तेच्या इतिहासातील एक विलक्षण न्याय आहे. आर्मा येथील आर्चबिशप जेम्स उशर (१५८१-१६५६) याच्या वाट्याला तो आला. ख्रिस्तपूर्व ४००४ मध्ये विश्वाची उत्पत्ती झाली असे सांगणारा धर्मगुरू, एवढीच त्याची सर्वसाधारण ओळख आज उरली आहे. १९२५ साली अमेरिकेतील टेनेसी राज्यात उत्क्रांतिवादाच्या अध्यापनावरून जो प्रसिद्ध खटला झाला, त्यात डॅरो या वकिलाने ब्रायनची उलटतपासणी घेताना हाच सन पुढे केला होता. सृष्टीचा आरंभ सकाळी नऊ वाजता झाला असे उशरने लिहिले, हाही प्रवाद पुष्कळ पुस्तकांतून आढळतो. वस्तुतः ती वेळ लाइटफुट या त्याच्या समकालीन पंडिताच्या विवेचनातून उसनी आलेली आहे. उशरने २३ ऑक्टोबरच्या आदल्या रात्रीचा आरंभ सांगितला आहे. मूळ ग्रंथ न पाहता त्याच्यावर टीका करण्याची परंपरा किती जुनी आहे, हे एवढ्यावरूनही ध्यानात यावे.

प्रस्तुत लेखात उशरच्या दोन कृती शेजारी ठेवून पाहावयाच्या आहेत : इग्नेशियसच्या पत्रांची १६४४ ची आवृत्ती आणि १६५० साली प्रसिद्ध होऊ लागलेला ‘अ‍ॅनल्स’ हा कालगणनेचा ग्रंथ. पहिलीमुळे तो आधुनिक पाठचिकित्सेच्या पूर्वसूरींत जाऊन बसतो. दुसरीत त्याची तीच बुद्धी एका विशिष्ट जागी थबकलेली दिसते. ती जागा नेमकी कोणती, हा येथील प्रश्न होय.

चरित्रातील काही गोष्टी या प्रश्नाशी संबद्ध आहेत. उशर डब्लिनचा. वाचनाचे पहिले पाठ त्याला नात्यातील दोन अंध स्त्रियांनी दिले असे चरित्रकार सांगतात. बायबल त्यांना मुखोद्गत होते. १५९२ साली स्थापन झालेल्या ट्रिनिटी कॉलेजच्या अगदी आरंभीच्या विद्यार्थ्यांत त्याची गणना होते. तेथेच तो १६०७ मध्ये धर्मविषयक वादांचा प्राध्यापक झाला, १६२१ मध्ये मीथचा बिशप झाला आणि १६२५ मध्ये आर्माचा आर्चबिशप, म्हणजे आयर्लंडमधील प्रॉटेस्टंट चर्चचा प्रमुख झाला. त्याचा मामा रिचर्ड स्टॅनिहर्स्ट हा मात्र कॅथलिक पंथाचा पंडित होता. वाद त्याला घरातच भेटला होता असे म्हणण्यास हरकत नाही. १६२६ साली त्याच्या नेतृत्वाखाली आयरिश बिशपांनी कॅथलिकांना धर्मस्वातंत्र्य देणे हे घोर पाप असल्याचे जाहीर केले. या निवेदनावर पांघरूण घालण्याचे कारण नाही. बहुसंख्य प्रजेच्या उपासनेचा हक्क नाकारण्यात त्याचा पुढाकार होता. परंतु आयर्लंडच्या प्राचीन चर्चविषयी लिहिताना हाच माणूस डेव्हिड रोथ या कॅथलिक बिशपाशी आणि स्टीफन व्हाइट या जेझुइटाशी हस्तलिखितांची व माहितीची देवघेव करीत होता. हा दुटप्पीपणा म्हणावा की विद्याव्यासंगाची मर्यादित उदारता, याचा निर्णय सोपा नाही. मला दुसरा पक्ष अधिक संभाव्य वाटतो, कारण या देवघेवीचे ऋण त्याने लपविले नाही.

१६४० मध्ये तो इंग्लंडला गेला आणि पुढच्याच वर्षी आयर्लंडमध्ये बंड झाल्यामुळे परत येऊ शकला नाही. यादवी युद्धाच्या धामधुमीत १६४५ साली वेल्समधून जाताना लुटारूंनी त्याच्या पेट्या फोडल्या व कागदपत्रे इतस्ततः विखुरली. स्थानिक धर्मोपदेशक आणि जमीनदार यांच्या साहाय्याने त्यांतील बरीचशी पुन्हा हाती आली. त्याचे सारे संशोधन अशा पेट्यांत बंद असे, हे विसरता कामा नये.

आता इग्नेशियसविषयी. दुसऱ्या शतकाच्या आरंभी अँटिओकच्या या बिशपाला देहदंडासाठी रोमला नेण्यात येत असता त्याने वाटेत काही पत्रे लिहिली. चौथ्या शतकातील इतिहासकार युसीबियस अशी सात पत्रे नोंदवितो. सोळाव्या शतकात मात्र जो संग्रह छापला गेला त्यात तेराहून कमी पत्रे नव्हती, आणि सातांचा पाठही फुगलेला होता. पत्रांत बिशपांच्या अधिकाराचे आग्रही प्रतिपादन असल्यामुळे त्यांच्या खरेपणावर केवळ पंडितांचे नव्हे, तर दोन पक्षांचे हितसंबंध गुंतलेले होते. कॅल्व्हिनने ती तुच्छतेने झिडकारली होती. १६४१ साली मिल्टननेही बिशपशाहीविरुद्ध लिहिताना त्यांच्यावर हल्ला चढविला आणि त्या लेखनाचा रोख उशरवरही होता.

उशरने या वादाला दिलेले उत्तर वादपटूचे नव्हते. लिंकनचा तेराव्या शतकातील बिशप ग्रोसटेस्ट आणि त्यानंतरचे दोन इंग्लिश ग्रंथकार यांच्या लेखनातील इग्नेशियसची अवतरणे छापील पाठाशी जुळत नाहीत, परंतु युसीबियस व थिओडोरेट यांनी दिलेल्या प्राचीन अवतरणांशी जुळतात, हे त्याच्या ध्यानात आले. यावरून त्याने अनुमान केले की एका निराळ्या, अधिक शुद्ध पाठाची प्रत इंग्लंडात कोठेतरी असली पाहिजे. शोध करता लॅटिन भाषांतराच्या दोन प्रती खरोखरच सापडल्या, एक केंब्रिजच्या कीझ कॉलेजात व दुसरी बिशप माँटेग्यूच्या ग्रंथसंग्रहात. या लॅटिन पाठाच्या आधारे त्याने लांब ग्रीक पाठातील प्रक्षिप्त भाग वेगळा काढून दाखविला. दोनच वर्षांनी, १६४६ मध्ये, आयझॅक व्हॉसियसने फ्लॉरेन्स येथील ग्रीक प्रत प्रसिद्ध केली आणि उशरच्या अनुमानाला प्रत्यक्षाचे पाठबळ मिळाले. प्रत डोळ्यांपुढे नसताना अवतरणांवरून तिचे अस्तित्व सिद्ध करणे ही साधी गोष्ट नव्हे.

मात्र एका ठिकाणी तो चुकला. पॉलिकार्पला लिहिलेले पत्र त्याने बनावट ठरविले व सातांऐवजी सहाच पत्रे अस्सल मानली. जेरोमने स्मर्नाकरांना व पॉलिकार्पला लिहिलेल्या पत्रांत गल्लत केली होती. उशरने जेरोमच्या शब्दावर विश्वास ठेवला. १६७२ मध्ये पिअर्सनने सातही पत्रांचे समर्थन केले आणि तेच मत पुढे सामान्यतः स्वीकारले गेले. येथे दोन गोष्टी नोंदवावयास हव्यात. त्या पत्रातही बिशपाच्या आज्ञेत राहण्याचा उपदेश आहे, म्हणजे उशरने सोडलेले पत्र त्याच्या स्वतःच्या पक्षाला उपकारक होते. तेव्हा ही चूक स्वार्थाची नाही. दुसरे असे की, ज्या एका साक्षीदाराची उलटतपासणी त्याने घेतली नाही, नेमका त्यानेच त्याला फसविले.

हेच ‘अ‍ॅनल्स’मध्ये अधिक मोठ्या प्रमाणावर घडले आहे. हा ग्रंथ केवळ बायबलमधील वंशावळींची बेरीज आहे हा समज चुकीचा आहे. त्याचा फार मोठा भाग इराण, ग्रीस व रोम यांच्या इतिहासाने व्यापलेला आहे. जुन्या करारातील वर्षांना जगाच्या इतिहासाशी जोडण्यासाठी त्याने नेबुखद्नेस्सरच्या मृत्यूचा सांधा निवडला. टॉलेमीच्या राजावलीवरून निघणारा ख्रिस्तपूर्व ५६२ हा त्याचा सन आजही ग्राह्य आहे. हेरोदाचा मृत्यू ख्रिस्तपूर्व ४ मध्ये झाला, म्हणून ख्रिस्तजन्म त्याहून अलीकडे नेता येत नाही, हा विचारही काटेकोर आहे. चार हजार वर्षांच्या जुन्या परंपरेत या चार वर्षांची भर पडून ४००४ हा आकडा सिद्ध झाला. बीडने ३९५२, तर लाइटफुटने ३९२९ सांगितले होते. त्या शतकाच्या मानाने उशरच्या आकड्यात चमत्कारिक असे काही नाही.

आक्षेप घ्यावयाचा तो निराळ्या जागी. आदमापासून जलप्रलयापर्यंत हिब्रू पाठाप्रमाणे १६५६ वर्षे होतात, समॅरिटन पाठाप्रमाणे १३०७, तर ग्रीक भाषांतराप्रमाणे २२४२ (काही प्रतींत २२६२). हे तिन्ही पाठ उशरला ठाऊक होते. किंबहुना समॅरिटन पाठाच्या प्रती अलेप्पो येथील एका व्यापाऱ्याकरवी त्यानेच मागविल्या होत्या. १६५५ साली ग्रीक भाषांतरावर त्याने स्वतंत्र प्रबंध लिहून उपलब्ध ग्रीक पाठाची विश्वसनीयता नाकारली. हिब्रू प्रतींतही लेखकप्रमाद शिरले आहेत हे त्याला मान्य होते. तरीही आपली निर्दोषता सिद्ध करण्याचा भार त्याने ग्रीक पाठावरच टाकला, हिब्रूवर नाही. इग्नेशियसच्या बाबतीत जी कसोटी त्याने सर्व प्रतींना सारखी लावली, ती येथे एका पाठापुढे येऊन थांबली. त्याच्या श्रद्धेला दोष देऊन भागणार नाही. श्रद्धा दोन्ही ठिकाणी होती. साक्षीदारांपैकी एकाला आधीच न्यायासनावर बसविले, हा दोष पद्धतीचा आहे.

त्याचे सन १७०१ साली बिशप लॉइडच्या देखरेखीखाली निघालेल्या इंग्रजी बायबलच्या समासात छापले गेले, युक्तिवाद मात्र ग्रंथातच राहिला. पिढ्यान्‌पिढ्या वाचकांना ते आकडे मूळ वचनाचाच भाग वाटत राहिले. प्रक्षेप ओळखण्यात हयात घालविलेल्या पंडिताचे आकडे अशा रीतीने स्वतःच संहितेच्या कडेला चिकटले. या चौकटीची छाया आपल्या इतिहासावरही पडली. विल्यम जोन्सने १७८८ साली हिंदूंच्या कालगणनेवर जो निबंध लिहिला, त्यात पहिला मनू म्हणजे आदम व वैवस्वत मनू म्हणजे नोहा असे समीकरण मांडून पौराणिक राजवंश बायबलच्या मापात बसविले आहेत. त्याने दिलेला जलप्रलयाचा सन उशरच्या सनापासून दोन वर्षांच्या आतबाहेर आहे. त्या निबंधाचा परामर्श स्वतंत्रपणेच घ्यावा लागेल.