रत्नाची दुपार

रोहेना गेरा यांचा ‘सर’ २०१८ साली कान महोत्सवाच्या क्रिटिक्स वीकमध्ये दाखवला गेला आणि २०२० साली आपल्याकडे आला. त्याबद्दल बोलताना बहुतेक जण एकच विचारतात, मालक आणि मोलकरीण यांचं प्रेम जमेल का? मला मात्र या सिनेमात जास्त महत्त्वाची वाटते ती रत्नाची दुपार.

रत्ना (तिलोत्तमा शोम) तरुण वयात विधवा झालेली. मुंबईला येताना गाव मागे पडलं की ती हातात बांगड्या चढवते. शहराने तिला एवढी मोकळीक दिली आहे. पण ती राहते अश्विनच्या फ्लॅटमध्ये, स्वयंपाकघरालगतच्या खोलीत. तिथे घड्याळ तिचं नाही. शिवण शिकायचं, फॅशन डिझायनर व्हायचं, तर दुपारचे काही तास मागून घ्यावे लागतात. बरं, ते मिळाले तरी टेलर शिकवायचं सोडून तिला वरकाम सांगतो. मोठ्या दुकानात कपडे बघायला गेली तर बाहेर काढतात.

शोम हे सगळं रडून-ओरडून दाखवत नाहीत. हातातला ट्रे, खाली गेलेली नजर, एवढ्यातच कळतं.

माझी तक्रार इथे सुरू होते. अश्विन भला आहे, म्हणून परवानगी मिळते. तो तसा नसता तर? महाराष्ट्रात घरेलू कामगार कल्याण मंडळाचा कायदा २००८ साली झाला. त्यात नोंदणी आहे, मदत आहे. पण कामाचे तास आणि आठवड्याची सुट्टी मालकाच्या स्वभावावरच राहिली. सिनेमाही रत्नाचं स्वप्न तिथेच टांगून ठेवतो. तिच्यासाठी पुढचं दार उघडतं, तेही त्याच्या ओळखीनं.

(शेवट कळायला नको असेल तर इथे थांबा.)

शेवटी फोनवर ती त्याला पहिल्यांदा नावाने हाक मारते. अनेकांना तो प्रेमाचा होकार वाटतो. असेलही. पण तोवर तिने ते घर, ती नोकरी सोडलेली असते. पगार त्याच्या हातात असेपर्यंत ते नाव तिच्या तोंडून निघालं नव्हतं, हे विसरून चालणार नाही.

सिनेमा जरूर बघा. आणि तुमच्या किंवा नातेवाइकांच्या घरी कुणी ताई राहून काम करत असतील, तर त्यांची सुट्टी कोणत्या वारी असते, ते विचारा.