घटनेबाहेरचा नट : इयान होमच्या दुय्यम भूमिका

चरित्र अभिनेत्याची एक ठरीव स्तुती असते : तो भूमिकेत विरघळून जातो. ही स्तुती नटाला मोठेपणा देते आणि समीक्षकाची सुटका करते. जो विरघळला त्याच्याविषयी बोलायचे तरी काय? ब्रिटिश नट इयान होम (१९३१-२०२०) याच्या बाबतीत मला ती अपुरीच नव्हे, चुकीची वाटते. होम विरघळत नाही. त्याची पात्रे घटनेच्या अगदी लगत, पण तिच्या बाहेर उभी असतात आणि या बाहेरच्या जागेचाच तो अभिनय करतो.

‘चॅरियट्स ऑफ फायर’ (१९८१) या चित्रपटात तो हॅरल्ड अब्राहम्सचा प्रशिक्षक सॅम मुसाबिनी आहे. मुसाबिनी पैसे घेऊन शिकवणारा. हौशी खेळाडूंच्या त्या प्रतिष्ठित जगात त्याला स्थान नाही. १९२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये शंभर मीटरची शर्यत चालू असताना तो बाहेर, खोलीत बसलेला आहे. शिष्याचे धावणे त्याला दिसत नाही. खिडकीतून ध्वज तेवढा वर चढताना दिसतो, राष्ट्रगीत ऐकू येते. होम उभा राहतो, हॅट काढतो आणि मग पलंगावर बसून त्याच हॅटमधून मूठ आरपार घालतो. प्रेक्षकाने शर्यत आधीच पाहिलेली असते. कथानकाच्या हिशेबाने हे दृश्य अनावश्यकच. परंतु मैदानावरचा विजय किती अपुरा होता, हे या बंद खोलीतच कळते. पुरवणी जोडावी लागते याचाच अर्थ मूळ वस्तूत उणीव आहे, हा देरिदाचा मुद्दा समजावून सांगायला याहून चांगले उदाहरण मला सापडलेले नाही. (या भूमिकेसाठी होमला ऑस्करचे नामांकन मिळाले, पारितोषिक मात्र ‘आर्थर’मधील भूमिकेसाठी जॉन गीलगुडला गेले. अब्राहम्सने मुसाबिनीला नेमले म्हणून त्याची कानउघाडणी करणारा केंब्रिजचा प्राध्यापक याच चित्रपटात गीलगुडनेच रंगवला आहे!)

‘एलियन’ (१९७९) मधील अ‍ॅश हा यानावरचा विज्ञान अधिकारी. तो माणूस नसून यंत्र आहे, हे बऱ्याच उशिरा उलगडते. येथे नटापुढचा पेच दुहेरी आहे : माणसाची बतावणी करणाऱ्या यंत्राची बतावणी. होम यांत्रिकपणाची खूण जवळपास देतच नाही. तो केवळ किंचित जास्त सभ्य राहतो. कपाळावरून पांढरा थेंब ओघळतो तेव्हा आधीची सारी सभ्यता आपल्याला मागे जाऊन पुन्हा वाचावी लागते.

हे न बोलणे त्याने पिंटरच्या नाटकात कमावले असावे. ‘द होमकमिंग’मधील (१९६५) लेनी त्याने रंगभूमीवर आणि १९७३ च्या चित्रपटातही केला. १९७६ मध्ये ओनीलचे ‘द आइसमन कमेथ’ करताना त्याला रंगमंचाच्या भयाने असे ग्रासले की पुढे कित्येक वर्षे तो बव्हंशी दूरचित्रवाणी आणि चित्रपट यांतच राहिला. या पळण्याला अपयश म्हणण्याची घाई करू नये. त्याची तोकडी, आवरलेली हालचाल कॅमेऱ्यालाच अधिक मानवणारी होती. १९९७ मध्ये लंडनच्या नॅशनल थिएटरमध्ये त्याने लिअर केला, तोही तेथील सर्वांत लहान रंगमंचावर.

एक आक्षेप उरतो : हाच नट नायक झाला तर? अ‍ॅटम एगोयानच्या ‘द स्वीट हिअरआफ्टर’ (१९९७) मध्ये तो झालेला आहे. शाळेच्या बसच्या अपघातात मुले गमावलेल्या गावात खटल्यासाठी पालक गोळा करत फिरणारा वकील मिचेल स्टीव्हन्स. येथेही तो परकाच, अपघातानंतर पोचलेला. विमानातल्या एका प्रसंगात तो, पुढे व्यसनाधीन झालेल्या आपल्या मुलीच्या बालपणाची हकिकत सांगतो. कोळी चावून तिचा घसा सुजू लागला होता, इस्पितळ दूर. श्वास थांबलाच तर गळ्याला छेद देता यावा म्हणून वाटभर तो एका हातात चाकू घेऊन, तिला गाणे म्हणत बसला होता. चाकू वापरावा लागला नाही. होम हे सारे जवळजवळ सपाट स्वरात सांगतो. न घडलेल्या त्या कृतीचे ओझे मात्र त्याच्या चेहऱ्यावरून शेवटपर्यंत उतरत नाही.