‘चिन्ह बदलते’ या सूत्राची भाषिक चिकित्सा

समीकरणे सोडविण्याच्या शालेय परिपाठात ‘बाजू बदलली की चिन्ह बदलते’ या वाक्यास सूत्राची प्रतिष्ठा लाभली आहे. क्ष + ७ = ३ येथे ते बिनचूक उत्तर देते: क्ष = ३ − ७, म्हणजे उणे ४. परंतु −३क्ष = १२ येथे तेच सूत्र निष्ठेने पाळणारा विद्यार्थी क्ष = ४ असे लिहितो. ‘उणे ३’ पलीकडे गेले. गुणाकाराचा भागाकार झाला आणि उण्याचे अधिकही झाले. पडताळा पाहता डावी बाजू उणे १२ भरते. खरे उत्तर उणे ४ आहे. या चुकीचे खापर विद्यार्थ्याच्या गणितबुद्धीवर फोडले जाते. वस्तुतः येथे बुद्धीपेक्षा वाक्यच अधिक सदोष आहे.

पहिला दोष ‘चिन्ह’ शब्दाच्या द्व्यर्थतेचा. ५ − ३ मधील आडवी रेघ क्रिया सांगते. −३ मधील रेघ संख्येचा धर्म सांगते. सूत्रातील ‘चिन्ह’ यांपैकी कोणते, याचा उलगडा होत नाही. हा भेद दाखविण्यास मराठीजवळ शब्द आहेत: अरबी-फारसीतून आलेला ‘वजा’ आणि संस्कृत ‘ऊन’पासून सिद्ध झालेला ‘उणे’. मात्र ‘वजा तीन’ व ‘उणे तीन’ हे प्रयोग परस्परांच्या जागी सर्रास होतात आणि हाती असलेला भेद वाया जातो. ब्रह्मगुप्ताने इ. स. ६२८ मध्ये धन व ऋण राशींचे नियम स्वतंत्रपणे सांगितले. भास्कराचार्यांच्या ‘बीजगणिता’त (बारावे शतक) ऋण राशीच्या माथ्यावर बिंदू देण्याचा संकेत आहे. तो बिंदू राशीचा धर्म दर्शवितो, वजाबाकीची क्रिया नव्हे.

दुसरा दोष कर्तृत्वाचा. या सूत्रात संख्याच जणू कर्ती आहे. ती उठते, पलीकडे जाते, रूप पालटते. सोडविणाऱ्याची कृती वाक्यातून लोपली आहे. याउलट भास्कराचार्यांची ‘समशोधन’ ही संज्ञा दोन्ही पक्षांतून सारखेच वगळण्याची क्रिया स्पष्ट सांगते. समता का टिकते, याचे उत्तर त्या शब्दातच आहे.

सूत्राच्या बाजूने त्याचा संक्षेप सांगितला जाईल आणि तो गुण मान्य केला पाहिजे. परंतु संक्षेप आकलनानंतरचा असावा, आकलनाऐवजी नव्हे. ‘दोन्ही बाजूंस उणे ३ ने भागावे’ या वाक्यात कर्म, साधन व क्रिया तिन्ही व्यक्त होतात. उणे कोठे गेले, हा प्रश्नच उरत नाही. विद्यार्थ्यास गणितात कच्चा ठरविण्यापूर्वी त्याला दिलेले वाक्य तपासणे हे अध्यापकाचे पहिले कर्तव्य ठरते.