हांसें कोणाचें?

विनोदाची परीक्षा करतांना हंशा किती पिकला यापेक्षां हांसें कोणाचें झालें, हें आम्ही आधीं पाहतों. दूरचित्रवाणीवरील प्रहसनांत समलिंगी पात्र आलें, कीं लचकत चालणें व मुरकत बोलणें पुष्कळदां ठरलेलेंच. बी. बी. सी. च्या 'आर यू बीइंग सर्व्ह्ड?' (1972-85) मधील दुकानांतले मिस्टर हम्फ्रीज् हे त्याचें ठळक उदाहरण. जॉन इनमन यांचा अभिनय अव्वल खरा. पण हम्फ्रीज् यांचें मन कोणावर जडतें, हें लेखकांनीं उघडपणें सांगितलें नाहीं.

याउलट 'ऑल इन द फॅमिली' या अमेरिकन मालिकेंतील 9 फेब्रुवारी 1971 चा भाग पाहावा. आर्ची बंकर जांवयाच्या नाजूक मित्राची मनमुराद टर उडवितो. पुढें गुत्त्यांत पंजा लढवितांना त्याला कळतें, कीं समलिंगी आहे तो आपलाच मित्र स्टीव्ह, एके काळचा धिप्पाड फुटबॉलपटू! आर्चीला तें पटतां पटत नाहीं. येथें हांसें झालें तें हंसणाऱ्याचें, म्हणून हा विनोद आम्ही श्रेष्ठ मानतों.

तथापि एक शल्य उरतें. तो नाजूक मित्र समलिंगी नाहींच, असें सांगून लेखकांनीं त्याची सुटका केली. पण असता तर? स्टीव्हचा आब राहतो तो त्याच्या दंडांच्या जोरावर, आणि तोहि एका भागापुरताच. पुढें 1975 मध्यें स्त्रीवेषांत रंगभूमीवर वावरणारी बेव्हर्ली लासाल आली, ईडिथची जिवलग झाली. आणि 1977 च्या नाताळांतील भागांत रस्त्यावरील गुंडांच्या हातून लेखकांनीं तिचा शेवट केला.