तथापि...

अध्यक्षीय भाषणातला माझा सर्वांत आवडता शब्द म्हणजे 'तथापि'. तो आला की समजावं, अध्यक्षांजवळचं सांगण्यासारखं सगळं संपलं. आता उरलेला अर्धा तास नुसतं व्याकरण! पण भाषणाची सुरुवातच 'तथापि'ने करणारा एक पठ्ठ्या मी जुन्या चित्रफितींत पाहिला आणि हात जोडले. त्याचं नाव आयर्विन कोरी. जन्म १९१४चा, मृत्यू २०१७चा.

अमेरिकन टेलिव्हिजन बाल्यावस्थेत होतं तेव्हापासून एड सलिव्हन, स्टीव्ह ॲलन अशा मंडळींच्या कार्यक्रमांत हा पाहुणा म्हणून यायचा. अंगात काळा शेपटीवाला कोट, डोक्यावर नुकतंच भांडण झाल्यासारखे केस आणि पायांत खेळायचे कॅनव्हासचे बूट. बिरुद 'जगातला सर्वश्रेष्ठ तज्ज्ञ'. कशातला, हे विचारायचं नाही! तो येणार, खिसे चाचपणार, गहन विचार करणार आणि म्हणणार, 'तथापि...' पुढची वाक्यं अशी, की कर्ता सकाळी घराबाहेर पडलाय आणि क्रियापद रात्रीपर्यंत घरी आलेलं नाही. 'हे असले बूट का घालता?' असं विचारलं, की तो प्रश्नाचे दोन भाग करायचा. 'का?' हा प्रश्न मानवजातीला अनादी काळापासून छळतो आहे, तेव्हा तो सोडून देऊ. 'बूट घालता?' तर हो, घालतो.

वरवर पाहता ही विद्वानांची टवाळी. पण नीट पाहा, खरी टोपी उडते ती मान डोलावणाऱ्यांची. म्हणजे आपलीच. १९७४ साली थॉमस पिंचन या कादंबरीकाराला अमेरिकेतलं 'नॅशनल बुक अवॉर्ड' मिळालं. हा गृहस्थ लोकांत मिसळत नसे, म्हणून पुरस्कार घ्यायला कोरीला पाठवलं. त्याने आपलं नेहमीचं भाषण ठोकलं आणि सभागृहातल्या कित्येकांना वाटलं, हेच ते कादंबरीकार! मध्येच एक नागडा इसम सभागृहातून धावत गेला. त्या सभेत कसलाच आव न आणलेला बहुधा तो एकटाच.

दोष सांगायचा तर कोरी दहा मिनिटांचा. सगळे लाडू एकाच साच्यातले. तिसऱ्याला पोट जड होतं. पाहुणा म्हणून गोड, मुक्कामाला नको.

तथापि (आला की नाही शब्द!) शेवटची एक गोष्ट राहिली. नव्वदी उलटल्यावर हा माणूस मॅनहॅटनच्या रस्त्यावर थांबलेल्या गाड्यांच्या खिडकीशी जाऊन फुकटची वर्तमानपत्रं पुढे करायचा आणि लोक देतील ती चिल्लर घ्यायचा. राहायला स्वतःचं घर होतं. ते पैसे जायचे क्यूबातल्या मुलांच्या औषधांसाठी. त्याचं स्वतःचं बालपण अनाथालयात गेलं होतं.

एकदा लोकांनी त्याला कादंबरीकार समजलं, एकदा भिकारी. जन्मभर एकही वाक्य धड पुरं न करणाऱ्याने हे एक मात्र कर्ता, कर्म, क्रियापदासकट पूर्ण केलं.